हरिश्चंद्राचा कारखाना



व्याख्यानमालेच्या चालकांनी आम्हांस बोलावले, तेव्हा आम्ही विषय सुचविला होता 'किमान वेतन आणि त्याची अंमलबजावणी'. चालक सज्जन आहेत, ते नाही म्हणाले नाहीत. एवढेच म्हणाले, की उन्हाळ्याचे दिवस आहेत, लोक दिवसभर तापलेले असतात आणि संध्याकाळी जरा गारव्याला म्हणून येतात. आम्ही काय ते समजलो. मग विचारले, 'दादासाहेब फाळके चालतील काय?' ते एकदम खूश झाले. पण मंडळी, आपण सावध असा. कामगार चळवळीतला माणूस विषय बदलतो, मुद्दा सोडीत नाही.

आमचे शाळेतले शिक्षण सातवीपर्यंतचे. पुढचे जे काही झाले ते सार्वजनिक वाचनालयात आणि युनियनच्या कचेरीत झाले. तेव्हा सिनेमाच्या कलेविषयी अधिकाराने बोलावे अशी आमची योग्यता नाही. परंतु सिनेमा ही जशी कला आहे तसा तो कारखानाही आहे. कारखान्यात कोण किती वाजता आला, त्याने काय काम केले आणि त्याचे नाव हजेरीपटावर चढले की नाही, हे पाहण्यात आमची तीस वर्षे गेली. हमाल-मापारी, विडी वळणाऱ्या बाया, छापखान्यातले जुळारी यांच्यात वावरून जी नजर आली, त्याच नजरेने आज फाळक्यांकडे पाहावयाचे आहे.

आरंभी एक योगायोग सांगतो. जगात लोकांना पैसे घेऊन दाखविलेल्या पहिल्या चित्रपटांपैकी एक कशाचा होता? राजाराणीचा नव्हे, देवादिकांचा नव्हे. फ्रान्समध्ये लिओं शहरी ल्युमिएर बंधूंचा छायाचित्रणाच्या सामानाचा कारखाना होता. १८९५ साली त्यांनी आपल्याच कारखान्याच्या फाटकासमोर यंत्र मांडले आणि सुटी झाल्यावर बाहेर पडणारे कामगार टिपले. त्यांत बायाच अधिक आहेत. फाटक उघडते, घोळका बाहेर येतो, डावीउजवीकडे पांगतो; संपले. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईत वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांचा खेळ झाला, त्यातही हे चित्र होते. म्हणजे पडद्यावर आधी आला तो कामगार. त्या बायांची नावे मात्र कोणी लिहून ठेवली नाहीत. हे ध्यानात असू द्या, याकडे आपण पुन्हा येणार आहोत.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. वडील दाजीशास्त्री हे संस्कृतचे विद्वान. मुंबईस विल्सन कॉलेजात त्यांना जागा मिळाली आणि कुटुंब मुंबईस गेले. शास्त्र्यांच्या मुलाने पोथी घ्यावयाची, तर याने कुंचला घेतला. १८८५ साली जे. जे. कलाशाळेत नाव घातले, पुढे बडोद्याच्या कलाभवनात गेला. चित्रकला, छायाचित्रण, छपाई, साचे, जे दिसेल ते शिकला. गोध्र्यास फोटोचा स्टुडिओ काढला, तेथे प्लेगने पत्नी आणि मूल गेले. पुराणवस्तू खात्यात नोकरी केली आणि स्वदेशीच्या काळात ती सोडली. जादूचे प्रयोगही केले. त्यासाठी फाळके हे नाव उलटे फिरवून 'प्रोफेसर केळफा' असे नाव घेतले होते. आमच्या भाषेत सांगायचे तर हा माणूस बहुकसबी कारागीर होता, आणि बहुकसबी कारागिराच्या नशिबी जे येते तेच याच्याही आले.

लोणावळ्यास आणि पुढे दादरला त्यांनी ठसे करण्याचा आणि रंगीत छपाईचा कारखाना उभारला. त्यासाठी जर्मनीला जाऊन यंत्रे आणली. काम असे नामांकित, की लोक लांबून येत. परंतु भांडवल भागीदारांचे होते. मतभेद झाले आणि फाळके अंगावरच्या वस्त्रानिशी बाहेर पडले. वय चाळीस. ज्याच्या हातात कसब आहे पण कारखान्याची किल्ली दुसऱ्याच्या खिशात आहे, अशी माणसे आम्ही पुष्कळ पाहिली आहेत. फाळक्यांच्या आयुष्यात ही गोष्ट पुढेही घडली, म्हणून येथे नोंद करून ठेवतो.

१९११ च्या सुमारास गिरगावात एका तंबूतल्या थिएटरात त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचे चित्र पाहिले. शेजारी बसलेले लोक ख्रिस्त पाहत होते, फाळक्यांना तेथे राम आणि कृष्ण दिसू लागले. दुसऱ्या खेळाला ते पत्नी सरस्वतीबाईंना घेऊन गेले. घरी आल्यावर जे वेड लागले ते लागलेच. फिल्मचे तुकडे, भिंगे, किंमतपत्रके यांत रात्रंदिवस डोके घातल्याने काही काळ दृष्टी गेली. उपचारांनी ती परत आली तेव्हा प्रयोग पुन्हा सुरू. एका कुंडीत वाटाणा पेरला आणि थोड्या थोड्या वेळाने एकेक चित्र घेत राहिले. ती चित्रे सलग फिरविल्यावर वाटाण्याचा वेल प्रेक्षकांच्या डोळ्यांसमोर भराभर वाढला! हे दाखवून त्यांनी कर्ज मिळविले. स्वतःची विम्याची पॉलिसी गहाण टाकली आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडन गाठले. तेथे सेसिल हेपवर्थ नावाच्या निर्मात्याने आपला स्टुडिओ मोकळ्या मनाने दाखविला. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा आणि फिल्मला भोके पाडण्याचे यंत्र घेऊन फाळके एप्रिलमध्ये परत आले.

हे भोके पाडण्याचे यंत्र आपण जरा नीट पाहू, कारण आमचा मुद्दा त्या भोकांतून जातो. तेव्हा कोरी फिल्म येई ती कडेला भोके नसलेली. कॅमेऱ्याच्या दातांत ती अडकायची तर दोन्ही कडांना सारख्या अंतराने भोके हवीत. एक भोक चुकले की चित्र पडद्यावर उडी मारते. हे काम अंधारात करावयाचे, कारण उजेड लागला की फिल्म वाया. 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट ३,७०० फूट लांबीचा. तेवढ्या फिल्मवर अंधारात, हाताच्या अंदाजाने भोके कोणी पाडली? सरस्वतीबाईंनी. फिल्म धुण्याची रसायने कालवून कोणी दिली? त्यांनीच. उन्हात चित्रण चालू असता उजेड परतविण्यासाठी पांढरी चादर धरून तास तास कोण उभे राहिले? त्याच. आणि हे सर्व कधी? साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक उरकून. दागिने तर आधीच गेले होते.

मंडळी, आम्ही विडी कामगार बायांच्या बैठकीत हे सांगितले, तेव्हा एक म्हातारी म्हणाली, 'म्हणजे आमच्यासारखंच की. पानं घरी आणायची, कातरायची, वळायची. आणि कागदावर नाव दादल्याचं.' आम्हांस यावर उत्तर सुचले नाही. भारतीय चित्रपटाचे जनक म्हणून दादासाहेबांना आपण मानतो ते योग्यच आहे. पण लेकराचा बाप लिहून ठेवला आणि आई लिहावयाची राहिली, असे झाले आहे.

आता त्या कारखान्यात शिरू. दादरला राहत्या घरीच स्टुडिओ. कथा फाळक्यांनी स्वतः बेतलेली, दिग्दर्शन त्यांचे, नेपथ्य आणि वेश त्यांच्याच नजरेखाली. कॅमेऱ्यावर त्र्यंबक तेलंग, हरिश्चंद्र दत्तात्रय दाबके, आणि रोहिदास म्हणजे फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. तारामतीसाठी बाई मिळेना. समाजाने टाकलेल्या स्त्रियांनीसुद्धा या कामाला नकार दिला, इतके ते हलके समजले जाई. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीत अण्णा साळुंके नावाचा नाजूक हातांचा तरुण कामाला होता, तो दिसला. तेथे त्याला महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. तारामती मिळाली ती अशी, पाच रुपयांच्या पगारवाढीने!

सिनेमात काम करतो म्हटले की लोक नावे ठेवीत. म्हणून फाळक्यांनी आपल्या माणसांना सांगून ठेवले होते म्हणतात, की कोणी विचारले तर सांगा, आम्ही हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत. लोकांना हे विनोदी वाटते, आम्हांस ते अक्षरशः खरे वाटते. कारण कारखाना म्हणताच माणसाला मान येतो. तो उनाड राहत नाही, कामगार होतो. वांगणीस बाहेरचे चित्रण होते, तेव्हाची गोष्ट सांगतात. ढाली-तलवारी घेतलेली ही फौज पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्याचा संशय आला आणि पोलिसांनी सर्वांना अडकवून ठेवले. फाळके आले, कॅमेरा उघडून दाखविला, त्यांच्यासमोर थोडे काम करून दाखविले, तेव्हा कोठे सुटका झाली. आपण काम करतो आहोत हे आधी पोलिसांना पटवून द्यावे लागते, हा अनुभव आमच्या चळवळीलाही नवा नाही.

सहा महिने सत्तावीस दिवसांत चित्र पुरे झाले. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन थिएटरात ते लोकांसाठी लागले आणि चालले. सुरतेस मात्र पहिल्या खेळाचे उत्पन्न अवघे तीन रुपये आले. तेथे लोकांना आपल्या पैशाचा मोबदला लांबीने मोजून घेण्याची सवय. फाळक्यांनी लगेच जाहिरात केली, की सत्तावन्न हजार छायाचित्रांचा, दोन मैल लांबीचा खेळ फक्त तीन आण्यांत! मग गर्दी लोटली. शास्त्र्यांच्या घरातला हा माणूस बाजारही ओळखून होता.

त्याच साली बिऱ्हाड आणि कारखाना नाशिकला आला. 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या पडद्यावर आल्या, आणि बाईची भूमिका बाईने केली. १९१७ च्या 'लंकादहना'त साळुंके रामही झाले आणि सीताही. सेतू बांधावा, लंका जळावी, मारुतीने उड्डाण करावे हे सारे फाळके कॅमेऱ्याच्या युक्तीने करीत. प्रोफेसर केळफाची विद्या येथे कामी आली. १ जानेवारी १९१८ रोजी भांडवलदार भागीदारांसह हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली. 'श्रीकृष्णजन्म', 'कालियामर्दन' ही चित्रे आली आणि कृष्ण झाली ती फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी. आयुष्यात फाळक्यांनी नव्वदहून अधिक मोठे चित्रपट केले, लहान पट वेगळेच.

आणि येथे लोणावळ्याची गोष्ट पुन्हा घडली. भागीदार हिशेब मागू लागले, फाळके वेळ मागू लागले. आम्हांस समेट घडविण्याची सवय असल्याने दोन्ही बाजू पाहतो. ज्यांचा पैसा गुंतला त्यांनी खर्च विचारणे हा काही गुन्हा नव्हे. आणि मनासारखे उतरेपर्यंत दृश्य पुन्हा पुन्हा घेणे हाही गुन्हा नव्हे, उलट ते चांगल्या कारागिराचे लक्षण आहे. पण अशा वादात शेवटी किल्ली कोणाच्या खिशात आहे त्यावर निकाल लागतो. फाळके राजीनामा देऊन काशीस गेले, तेथे 'रंगभूमी' नावाचे नाटक लिहिले. १९२२ च्या सुमारास परत आले ते त्याच कंपनीत, पगारी नोकर म्हणून. आपण काढलेल्या कारखान्यात आपणच नोकर! पगार चांगला होता, हे खरे. पण पगार आणि हक्क या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे आम्ही आमच्या सभासदांना पहिल्या सभेत सांगतो.

पुढे बोलपट आला. १९३१ साली 'आलम आरा' बोलू लागला आणि मुक्या चित्रांची यंत्रे, माणसे, युक्त्या सगळे एका वर्षात जुने झाले. फाळक्यांच्या 'सेतुबंधन' या शेवटच्या मुक्या चित्राला मागाहून आवाज जोडावा लागला. १९३७ साली कोल्हापुरास त्यांनी 'गंगावतरण' हा आपला एकच बोलपट केला, तेव्हा वय सदुसष्ट. नंतर काम नाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले. शेवटची वर्षे ओढग्रस्तीत गेली आणि ज्या धंद्याचा पाया त्यांनी घातला त्यात तोवर लाखांची उलाढाल चालली होती. १९६९ पासून केंद्र सरकार त्यांच्या नावाने चित्रपटसृष्टीतला सर्वोच्च पुरस्कार देते. गौरव झाला, पंचवीस वर्षांनी झाला.

येथे आपण पुन्हा फ्रान्सला जाऊन येऊ. तेथे जॉर्ज मेलिएस नावाचे गृहस्थ होते, जन्म १८६१. तेही जादूगार. २८ डिसेंबर १८९५ चा ल्युमिएरांचा पॅरिसमधला खेळ पाहून त्यांना असेच वेड लागले. काचेचा स्टुडिओ बांधला, कथा स्वतः लिहिल्या, नेपथ्य स्वतः रंगविले, भूमिका स्वतः केल्या. १९०२ साली माणसे चंद्रावर नेऊन आणली. सुमारे पाचशे लहानमोठी चित्रे केली. त्यांच्या चित्रांना रंग हाताने देत, एकेका चित्राला बारीक कुंचल्याने. पॅरिसमध्ये मादाम थुलिए यांच्या कारखान्यात दोनशेच्या आसपास बाया हे काम करीत. त्यांचीही नावे आपल्याला ठाऊक नाहीत. मग मोठ्या भांडवलाच्या कंपन्या आल्या, मेलिएस बुडाले. त्यांची कित्येक रिळे वितळवून बुटांच्या टाचा केल्या गेल्या. उरलेल्या मूळ प्रती १९२३ साली त्यांनी वैतागून स्वतःच जाळल्या. आणि एका रेल्वे स्थानकात खेळणी-मिठाईच्या दुकानात बसले.

फाळके आणि मेलिएस, दोघेही जादूगार, दोघांची चढण सारखी आणि उतरणही सारखी. पण शेवटी एक फरक आहे आणि तो सांगण्यासाठीच आम्ही आज उभे आहोत. फ्रान्समधल्या चित्रपट धंद्यातील लोकांचे एक परस्पर साहाय्य मंडळ होते. वर्गणी जमवून त्यांनी ऑर्ली येथे वृद्ध कलावंत-कामगारांसाठी घर चालविले होते. १९३२ साली मेलिएस पत्नीसह तेथे राहावयास गेले आणि १९३८ साली वारले ते डोक्यावर छप्पर असताना. ते छप्पर सरकारने दिले नव्हते, कोणा उदार धनिकाने दिले नव्हते. ते वर्गणीने आले होते. फाळक्यांच्या काळात आपल्याकडे तसे काही नव्हते. फाळके स्वतः चांगले मालक होते, माणसांना घरात ठेवीत, आपल्याच पंगतीला जेवू घालीत. पण मालकाच्या चांगुलपणावर उभा राहिलेला कारखाना मालक पडला की सगळ्यांना घेऊन पडतो, आणि येथे तर मालकही पडला.

आता एक गोष्ट आमची. ती सांगण्यासारखी नाही, तरी सांगतो.

आमच्या लहानपणी जत्रेत तंबूचा सिनेमा येई. ऑपरेटर कार्बनच्या कांड्या जुळवी, तुटलेले रीळ दाताने सोलून सोल्युशनने चिकटवी, आणि अंधारात एवढे करूनही खेळ दोन मिनिटांत पुन्हा चालू करी. आम्ही पोरे पडद्यापेक्षा त्याच्याकडेच पाहत असू. पुढे १९९८ साली आम्ही युनियनचे काम पाहत असता तोच माणूस आमच्या कचेरीत आला. तंबू बंद झाला होता. वीस-बावीस वर्षांची नोकरी, हातात एकही कागद नाही. हजेरीपट नाही, फंड नाही. मालकाने सांगितले होते, की तू घरचाच माणूस, तुला कसला कागद? तो म्हणाला, 'काही करता येईल का?' आणि आम्ही, तरुण, कामाच्या गडबडीत, हसून म्हणालो, 'अहो, सिनेमा दाखवायचा, हे काय काम झालं? आमच्याकडे हमालांचे दोनशे अर्ज पडलेत.' तो काही बोलला नाही. पाणी प्याला आणि गेला. पुढे तो कोठेतरी रात्रपाळीचा राखणदार होता, असे कानावर आले. मग वारल्याचे कळले.

चित्रपटांतील आणि चित्रपटगृहांतील कामगारांसाठी संसदेने १९८१ सालीच कायदे केले होते. म्हणजे तो आमच्याकडे आला तेव्हा कायदा होऊन सतरा वर्षे झाली होती. त्यातून त्याचे काम झालेच असते असे आम्ही म्हणत नाही. आम्ही कपाटातले पुस्तक उघडलेच नाही, एवढेच म्हणतो. ज्या समजुतीने लोक साळुंक्यांना नावे ठेवीत, तीच समजूत कामगारांच्या पुढाऱ्याच्या डोक्यात होती. त्यानंतर आम्ही फाळक्यांविषयी मिळेल ते वाचू लागलो, हौसेने नव्हे.

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची रिळे आहेत, मधली गेली. जी आहेत त्यांच्या दोन्ही कडांना भोके आहेत. एकसारखी, ओळीने. कधी पाहण्याचा योग आला तर राजाकडे पाहा, राणीकडे पाहा, आणि मनात त्या कडेच्या भोकांनाही एक नमस्कार करा. अंधारात काम करणाऱ्या बाईची तेवढीच सही मागे राहिली आहे, असे आम्ही समजतो.

चांदवडहून आग्रा रोडने नाशिक साठ-पासष्ट किलोमीटर. तेथे फाळक्यांचे स्मारक आहे, मुलाबाळांना दाखवून आणा. आणि आणखी एक काम घरी परतताना करा. आज या मांडवात ज्याने खुर्च्या मांडल्या, ज्याने हा ध्वनिक्षेपक जोडला, त्याला त्याचे नाव विचारा, आणि त्याच्या नोकरीचा एखादा कागद आहे का तेही विचारा. नसेल तर त्याला आमच्याकडे पाठवा. या वेळी आम्ही हसणार नाही.

चालकांनी किमान वेतन नको म्हटले होते, त्याचा शब्द आम्ही एवढा वेळ काढला नाही.